पाहुणे आले की शेगडी कोठे जाते?

बडोद्यातील आपल्या जुन्या मराठी घरांत अलीकडे एक चमत्कारिक रीत रूढ झाली आहे. रविवारी घरच्यांपुरते मटण शिजते. ते काळ्या पिशवीतून येते, खिडक्या लावून शिजते आणि हाडे वर्तमानपत्रात गुंडाळून दूरच्या कचराकुंडीत जातात. परंतु चार माणसे जेवायला बोलावली, की तेच घर पनीर, छोले आणि बाहेरून मागविलेल्या पुलावाच्या आश्रयाला जाते. पाहुणे मांसाहारी आहेत हे यजमानाला ठाऊक असते, यजमान मांसाहारी आहे हे पाहुण्यांना ठाऊक असते; आणि उभयता पनीरच्या चौकोनी तुकड्यांकडे पाहत जेवणाची तारीफ करतात. ज्यांच्या घरी मांस शिजतच नाही त्यांच्याशी माझे भांडण नाही; त्यांच्या पुरणपोळीपुढे मी आजही नम्र आहे. भांडण आहे ते माझ्यासारख्यांशी.

यावर पहिले उत्तर ठरलेले असते: ‘हा गुजरात आहे.’ आहेच. पण २०१४ च्या नमुना नोंदणी पाहणीत याच गुजरातेतील पंधरा वर्षांवरील सुमारे ३९ टक्के लोकांनी आपण मांसाहारी असल्याचे सांगितले होते. म्हणजे जे काही लपविले जाते, ते दर पाच माणसांतील जवळपास दोघांचे अन्न आहे. नोव्हेंबर २०२१ मध्ये राजकोट, बडोदे, भावनगर, अहमदाबाद येथे रस्त्यावरील अंडी-मांसाच्या गाड्या हटविण्याची वा पदार्थ झाकून ठेवण्याची फर्माने निघाली, तेव्हा आपण दांडिया बाजारात आणि रावपुऱ्यात बसून हळहळलो. पुढच्याच महिन्यात अहमदाबादच्या गाडीवाल्यांच्या अर्जावर उच्च न्यायालयाने तेथील महापालिकेला कडक शब्दांत जाब विचारला. न्यायालयात कोण गेले? हातगाडीवाले. आपण पिढ्यान्‌पिढ्यांचे वाडेवाले, आपले पातेले कोणी झाकायला सांगितले नव्हते तरी आपणच झाकून बसलो होतो. शेजाऱ्याचे मन राखणे निराळे आणि शेजाऱ्यापासून तोंड लपविणे निराळे.

दुसरे उत्तर अधिक लबाड आहे. मांस हे म्हणे घरगुती, रांगडे अन्न. रस्सा ओरपावा, हात बरबटावेत. चारचौघांच्या मेजवानीला ते शोभत नाही. ज्यांना असे वाटते त्यांनी आपल्याच गावातील प्राच्यविद्या मंदिराची पायरी चढावी. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याचा बाराव्या शतकातील ‘मानसोल्लास’ हा ग्रंथ श्रीगोंदेकरांनी संपादिला आणि गायकवाड ओरिएंटल सीरिजमध्ये १९२५ पासून छापून निघाला तो येथेच, बडोद्यास. त्याचा दुसरा खंड १९३९ चा; सयाजीराव महाराज निवर्तले त्याच वर्षीचा. त्यातील ‘अन्नभोग’ प्रकरणात राजा सळईवर भाजलेल्या मांसाचे ‘भडित्रक’ सांगतो. काळजाचे सुपारीएवढे तुकडे निखाऱ्यावर भाजून, मसाल्यासह तेलात परतून, दह्यात किंवा मोहरीच्या पाण्यात घालावयास सांगतो. हे राजभोगाचे अन्न आहे आणि ते संस्कृत श्लोकांत लिहिलेले आहे. (याच ग्रंथात मराठीचे फार जुने नमुने सापडतात, म्हणून आपण त्याचा गौरव करतो, त्यातील निखारे मात्र सोयीस्करपणे विसरतो.)

परदेशातून सुटीला आलेली आपली मुले आता ‘स्टेक’ची गोष्ट काढतात, आणि घरातील वडीलमंडळी दचकतात. दचकण्याचे कारण नाही. गोवंशाचा प्रश्न गुजरातेत कायद्याने मिटविलेला आहे आणि आपल्या घरांतही तो कधी नव्हता. स्टेकचे मर्म जनावरात नाही. एकेका पानात एकेक नीट कापलेला, विस्तवावरून थेट आलेला तुकडा वाढण्यात आहे. ते बोकडाच्या मांसावर उत्तम साधते, फक्त रश्शाची पांघरूण घालणारी सवय सोडावी लागते. रश्शात वाईट मांसही खपून जाते. निखाऱ्यावर यजमानाची अब्रू उघडी पडते. म्हणूनच हे पाहुण्यांना करून घालण्याजोगे अन्न आहे.

खाटकाकडून मांडीचे आडवे काप, मधल्या हाडासकट, अंगठ्याएवढे जाड घ्यावेत. बोकडाचे स्नायू लहान आणि चिवट. त्यांना आदल्या रात्री मीठ चोळून ठेवावे. कच्च्या पपईचा वाटलेला गर, आले-लसूण आणि मिरपूड जेवणाच्या दोन तास आधी, त्याहून लवकर नाही. पपई रात्रभर राहिली तर मांस पिठूळ होते आणि गृहिणीला वाटते की ते मऊ झाले. भाजण्यापूर्वी सगळा गर पुसून काप कोरडे करावेत. ओल्या मांसाला रंग चढत नाही, कारण विस्तवाची सारी शक्ती पाणी उडविण्यात जाते. तो तपकिरी रंग आणि तो वास साधारण १४० अंशांच्या पुढेच येऊ लागतो. मायार नावाच्या फ्रेंच शास्त्रज्ञाने १९१२ मध्ये वर्णिलेली हीच ती प्रक्रिया. आमच्या आजीला मायार ठाऊक नव्हता, पण ज्वाळा विझून कोळशावर पांढरी राख धरल्याशिवाय ती वांगेसुद्धा शेगडीवर ठेवीत नसे. दोन्ही बाजू खरपूस झाल्या की काप कडेच्या मंद आचेवर सरकवून आतपर्यंत शिजू द्यावेत, वर तुपाचा हात फिरवावा, आणि खाली काढल्यावर पाच मिनिटे त्यांना कोणी शिवू नये. लगेच सुरी घातली तर सारा रस ताटात. सोबत लिंबू, कांदा, ज्वारीची भाकरी. बाटलीतील काळा सॉस नको.

शाकाहारी पाहुणा असेल तर त्याला आधी विचारावे आणि त्याच्यासाठी वेगळी शेगडी, वेगळा चिमटा ठेवावा. तेवढे कष्ट आपल्याला जड वाटतात, म्हणून आपण सर्वांनाच पनीर वाढतो आणि त्याला औदार्य म्हणतो.

या थंडीत आमच्या गच्चीवर शेगडी पेटणार आहे. शेजारच्या मोटाभाईंना, जे अंडेही खात नाहीत, मी आगाऊ सांगून आलो. त्यांनी एवढेच विचारले की धूर कोणत्या बाजूला जाईल.