चौदा वर्षांचा चित्रपट

११ जुलै १९९७. घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात सकाळी बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला दिसला. लोक रस्त्यावर आले आणि पोलिसांच्या गोळीबारात १० जणांचा जीव गेला. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी मुलुंडच्या झोपडीत गळफास घेतला. घोगरे माहितीपटकार आनंद पटवर्धनांच्या ‘हमारा शहर’मध्ये गायले होते. झोपड्या उठवणाऱ्या मुंबईवरचा तो माहितीपट १९८५चा.

गाणारा का गेला, याचा शोध घेत पटवर्धन निघाले. कोर्टकचेऱ्या, निवडणुका, वस्त्यांमधले जलसे, कबीर कला मंचाची तरुण पोरं, सगळ्यांमागे ते फिरत राहिले. त्यातून घडलेला ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा व्हायला १४ वर्षं लागली. जानेवारी २०१२मध्ये तो भायखळ्याच्या बीआयटी चाळीत दाखवला गेला. ज्यांची गोष्ट, त्यांच्याच दारात. मला ही गोष्ट पुरस्कारांपेक्षा मोठी वाटते.

पटवर्धन एकांगी आहेत, असं मीरा रोडच्या आमच्या बेव्हर्ली पार्कातही ऐकू येतं. बाजू त्यांना आहेच, ती त्यांनी कधी लपवली नाही. पण त्यांच्या चित्रपटात विरोधकही भरपूर बोलतात, स्वतःच्या तोंडाने. ‘राम के नाम’ पाहा. बाबरी मशीद पडण्याआधी त्याचं चित्रीकरण झालं. कारसेवक बोलतात, आणि जन्मभूमी मंदिराचे पुजारी लालदासही बोलतात. धर्माच्या नावाने चाललेलं राजकारण लालदासांना मान्य नव्हतं. १९९३मध्ये त्यांचा खून झाला. राष्ट्रीय पुरस्कार मिळूनही दूरदर्शनवर यायला या चित्रपटाला कोर्टाची पायरी चढावी लागली. ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’साठी तर २००६मध्ये सर्वोच्च न्यायालयाचा निकाल लागला. हे खटले त्यांच्या कामाचाच भाग आहेत असं मी मानते. आपला पाहण्याचा हक्क त्यांनी आपल्या वतीने लढून घेतला.

मीरा रोडला धर्माचं हे राजकारण परकं नाही. १९९२-९३च्या दंगलीनंतर मुंबईतली कितीतरी मुस्लिम कुटुंबं नयानगरात आली. मुंबईत घर परवडेना म्हणून आमच्यासारखी मराठी घरंही इकडेच आली. जानेवारी २०२४मध्ये, अयोध्येतल्या प्राणप्रतिष्ठेच्या आदल्या रात्री इथे हाणामारी झाली, मग नयानगरात बुलडोझर फिरले. त्या आठवड्यात मी ‘राम के नाम’ आणि ‘हमारा शहर’ पाठोपाठ पाहिले. दोन्ही चित्रपट इथलेच वाटले.

पुढे ‘विवेक’मध्ये पटवर्धनांनी दाभोलकर-पानसरेंच्या खुनांचा माग घेतला. मग कॅमेरा घराकडे वळवला: आईवडील, आणि स्वातंत्र्यलढ्यातले काका रावसाहेब व अच्युतराव.

आमच्या सोसायटीच्या हॉलमध्ये क्रिकेटसाठी मोठा पडदा लागतो. कमिटीकडे मी एक रविवार मागितला आहे, ‘जय भीम कॉम्रेड’साठी. चित्रपट लांबलचक आहे. मध्ये चहा ठेवू.