हंगामी कुणी ठेवलं?

दोस्तहो, मी झाडूवाला. वर्षं सरली, तरी हंगामीच. दिवस भरत आले की साहेब ब्रेक देतो. कचऱ्याला मात्र ब्रेक नाय.

कायमपणाचे हक्क बुडवायला माणसं वर्षानुवर्षं हंगामी ठेवणं ही अनुचित प्रथा, असं महाराष्ट्राचा १९७१ चा कायदाच सांगतो. २००६ ला उमादेवी खटल्यात सुप्रीम कोर्टानं मागच्या दारानं आलेल्यांचा कायम होण्याचा हक्क नाकारला. मागचं दार? त्याच दारानं आमच्या बापजाद्यांनी शहराचा मैला वाहिला! तेव्हा नाही कुणाला खुपलं.

एसटीच्या सफाईवाल्यांसाठी कास्ट्राईब संघटना लढली. २००९ ला त्याच कोर्टानं मानलं : उमादेवीनं १९७१ चा कायदा मरत नाही. मात्र पद अस्तित्वात हवं.

मेख इथंच हाय. पद आलं की बिंदुनामावली आली, राखीव जागा आल्या. म्हणून पदच गोठवायचं, कंत्राटदार आणायचा. खुर्चीतली आपली टक्केवारी गेली, झाडूतली शाबूत!

जयंतीत नाचणाऱ्या पोरांनो, राखीव जागांसाठी मोर्चे काढता, काढाच. पण जागाच उरली नाही तर राखणार काय? आधी पदं मागा. हजेरीचे कागद जपा, युनियन बांधा. बाबासाहेबांनी १९३६ ला पक्ष काढला तो स्वतंत्र मजूर पक्ष. त्यातला मजूर उगाच नव्हता.