नक्षी आधी नोंदवावी, मग मांडावी

अक्कलकोट रस्ता आणि चिंचोळी या सोलापूरच्या दोन एमआयडीसींतील टॉवेल-चादरीच्या कारखान्यांसाठी जकार्डच्या नक्ष्या काढणाऱ्या डिझायनरांनी इन्स्टाग्राम, पिंटरेस्ट आणि बिहान्स यांतून मंच निवडताना गिऱ्हाईक कोठे जास्त मिळेल एवढेच पाहणे पुरेसे नाही. नक्षी केव्हा मांडली जाते, यावर तिची मालकीच अवलंबून असते.

डिझाइन अधिनियम, २००० च्या कलम ४ नुसार अर्जाच्या तारखेपूर्वी भारतात वा परदेशात लोकांसमोर आलेली नक्षी नोंदणीस अपात्र ठरते. त्यासाठी खुल्या खात्यावरचे एक छायाचित्रही पुरते, आणि पोस्ट काढून टाकल्याने झालेली प्रसिद्धी पुसली जात नाही. चित्रावर कॉपीराइट आपोआप असतोच, हा भरवसाही येथे घातक आहे. कारण कॉपीराइट अधिनियम, १९५७ च्या कलम १५ प्रमाणे, नोंदणीयोग्य असूनही न नोंदवलेल्या नक्षीची वस्तू मालकाने किंवा त्याच्या परवानगीने यंत्रावर ५० हून अधिक वेळा काढली की तो हक्क संपतो, आणि ५० टॉवेल म्हणजे मागाचे किती थोडे काम, हे या वाचकांना सांगायला नको. सोलापुरी चादरीचे आणि टेरी टॉवेलचे भौगोलिक मानांकन नावाचे रक्षण करते, नक्षीचे नाही. नोंदणीने मात्र १० वर्षे आणि मुदत वाढवल्यास आणखी ५ वर्षे हक्क मिळतो. व्यक्तीसाठी अर्जाचे शुल्क १,००० रुपये आहे.

एट्सीसारख्या बाजारमंचावर चित्राची फाईल विकता येते, आणि तेथे प्रत्येक नोंदीला ०.२० डॉलर व विक्रीवर ६.५ टक्के द्यावे लागतात. विणाईची फाईल मात्र तेथे ठेवू नये, असे या मासिकाचे स्पष्ट मत आहे. तिच्यातील ग्राफचा प्रत्येक चौकोन ताण्याचा एक हुक आणि बाण्याचा एक पिक ठरवत असल्याने, तेवढ्याच हुकांचा जकार्ड असलेल्या कोणालाही ती थेट मागावर चढवता येते. शिवाय कारखान्याकडून मोबदला घेऊन काढलेल्या नक्षीचा मालक कायद्याने कारखानदारच असल्याने, ती डिझायनरने स्वतःच्या नावाने विकायला ठेवू नये.

नोंदणीपूर्वी खरेदीदाराला नमुना दाखवणे या धंद्यात टळत नाही, आणि त्यासाठी कलम १६ ने वाट ठेवली आहे: विश्वासाने दाखवलेली नक्षी, तसेच नव्या वस्त्रनक्षीची स्वीकारलेली पहिली गोपनीय ऑर्डर, नोंदणी पुढे झाल्यास प्रसिद्धी मानली जात नाही. म्हणून तोवर खुल्या पानाऐवजी त्या एकाच ग्राहकाला उघडणारी लिंक पाठवावी आणि गोपनीयतेची अट सोबत लेखी घ्यावी.