बॅटरी आपली, मग हिशेब दुसऱ्याकडे का?



कपाशीची शेवटची फवारणी झाली की पाठीवरचा बॅटरी पंप माळ्यावर जातो आणि सारा उन्हाळा पत्र्याखाली काढतो. पुढच्या खरिपात बटण दाबावे तर पंप गप्प! दुकानदार म्हणतो, 'बॅटरी गेली, नवी घ्या.' आपण निमूटपणे घेतो. बैल बसला तर आपण त्याचे खूर पाहतो, खांदा पाहतो. बॅटरी बसली तर पाहायचे काय, हे आपल्याला कुणी सांगितलेलेच नाही.

शिशाच्या बॅटरीच्या जागी आता अनेक पंपांत लिथियम-आयनचा पॅक येतो. तो हलका असतो, पण नाजूकही. 12 व्होल्टच्या नावाने विकल्या जाणाऱ्या पॅकमध्ये पुष्कळदा सेलचे तीन गट एकापुढे एक जोडलेले असतात. एक गट पूर्ण भरला की 4.2 व्होल्ट, तिन्ही मिळून 12.6. त्याहून जास्त भरले तर आगीचा धोका. फार खाली उतरले तर सेल कायमचा खराब. लिथियमच्या दुसऱ्या एका जातीत चार गट असतात आणि तिचे आकडे वेगळे. जोडीतला एक बैल थकला की औत थांबते, तसाच एक गट कमजोर झाला की सारा पॅक थांबतो.

यावर नजर ठेवायला पॅकमध्ये बी.एम.एस. नावाचे सर्किट असते. प्रत्येक गटाचा व्होल्ट पाहायचा आणि मर्यादा ओलांडली की वीज तोडायची, हे त्याचे काम. चांगले सर्किट उष्णताही पाहते आणि सगळे गट सारखे राखते. पण हा राखणदार मालकाशी बोलत नाही! पंपावरचा दिवा फक्त बेरीज दाखवतो. कमजोर गट कोणता, हे कळत नाही.

कंपन्या म्हणतील, पॅक उघडणे धोक्याचे आहे. खरे आहे, उघडू नयेच. म्हणूनच आमचे म्हणणे आहे की मोजमाप बाहेर द्या. साध्या मीटरने प्रत्येक गट तपासता येईल अशी जागा ठेवा. पॅकची जात, गट आणि क्षमता मराठीत छापा. सुटे पॅक आणि योग्य चार्जर बाजारात ठेवा. दुरुस्तीच्या हक्कासाठी केंद्राने जुलै 2022 मध्ये समिती नेमली, तिच्या विषयांत शेती अवजारेही होती. त्याच वर्षीच्या बॅटरी कचरा नियमांनी निकामी बॅटऱ्या गोळा करण्याची जबाबदारी उत्पादकांवर टाकली. मग दुकानदार जुना पॅक परत घेतो का, हे प्रत्येकाने विचारावे.

तोवर एवढे करा. शिशाच्या बॅटरीचा चार्जर लिथियमला लावू नका. तो 14 व्होल्टच्या पुढे जातो. हंगाम संपल्यावर पॅक अर्धा भरून सावलीत ठेवा, दोन-तीन महिन्यांनी तपासा. फुगलेला पॅक वापरू नका. आणि भावाची वाट पाहत घरात कापूस भरलेला असेल, तर त्या खोलीत चार्जिंग मुळीच नको. एका ठिणगीत वर्षाची कमाई जाईल.

नवे तंत्रज्ञान आम्हाला हवेच आहे. पण घामाच्या पैशाने घेतलेल्या वस्तूचे पोट पाहण्याचा अधिकार नसेल, तर आपण मालक कसले? जिल्हा बैठकीत हा ठराव मांडावा.