खपले म्हणजे विटाळले काय?

दिवाळीला मुंबई-पुण्याची चाकरमानी मंडळी पोलादपूरला उतरून आमच्या उमरठास येतात, तेव्हा फराळाबरोबर एक तक्रार ठरलेली असते : पोरे रॅप ऐकून बिघडली. यंदा माझ्या ओटीवर मुंबईच्या डिव्हाइनचे नाव निघाले. एक गृहस्थ कडाडले, "मास्तर, ही कसली कला? निव्वळ धंदा!" पोराने तसल्याच ओळी लिहिल्या म्हणून त्यांनी त्याची वही काढून घेतली होती.

तर मग धंद्याचेच बोलू. डिव्हाइनचा 'कोहिनूर' हा पहिला अल्बम २०१९ साली निघाला. दुसरा, 'पुण्य पाप', डिसेंबर २०२० मध्ये. त्यातले 'मिर्ची' कोट्यवधी वेळा वाजले. गल्लीतले बोलणे तालावर बसवून कोणी पोट भरले, तर पाप कोणते?

अफझलखानवधाचा पोवाडा रचणाऱ्या अज्ञानदासाला घोडा आणि सोन्याचा तोडा मिळाला, असे आपण मुलांना अभिमानाने सांगतो. तो सन्मान आणि हा तेवढा धंदा? १९०९ साली 'मनोरंजन'ने दिवाळी अंकाची प्रथा पाडली. तेव्हापासून हे अंकही खपावरच जगत आले. माझी कादंबरी खपली, तर मी काही प्रकाशकाला पैसे परत करणार नाही!

खप हा गुणाचा दाखला नव्हे, हे मान्य. रॅपमधली शिवीगाळ मला खटकते. वर्गात मी तसे सांगतोही. पण पहिल्या पुस्तकात साठवलेले आयुष्य उतरते आणि दुसऱ्याच्या वेळी गिऱ्हाईक दारात उभे असते, हे मी अनुभवले आहे. अशा वेळी ज्याला 'पुण्य पाप' हे नाव सुचते, त्याला निदान हिशेबाची जाण असावी.

आमच्या गावात तानाजी मालुसऱ्यांची समाधी आहे. १६७० साली ते सिंहगडावर पडले. तुळशीदासाने त्यांचा पोवाडा रचला. मी गृहस्थांना विचारले, "त्यातल्या चार ओळी म्हणता?" ते करंजी चघळत राहिले.

पोराच्या वहीत काय होते, ठाऊक आहे? तानाजी! ताल रॅपचा, नाव आमच्या गावाचे. पोवाडा आपण विसरलो, म्हणून त्याने हाती लागला तो ताल धरला. मंडळी, गावात शाहीर बोलवा, त्याला घसघशीत बिदागी द्या, पोरांना ऐकवा. आणि त्याआधी ती वही परत करा.