उद्योगाच्या वाटा : सांवळ्या वर्णाची पेटी

आपल्या घरांतून एक मौजेची विसंगति पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली आहे. देवघरापुढें हात जोडून उभें राहिलें म्हणजे सांवळा वर्ण हा सौंदर्याचा कळस ठरतो. तोच वर्ण बैठकींत वधूपरीक्षेच्या वेळीं व्यंग ठरतो. राम सांवळा, कृष्ण सांवळा, पंढरीचा विठोबा तर काळाच. द्रौपदीचें एक नांवच मुळीं कृष्णा. तरीहि स्थळाचें पत्र आलें, पत्रिका जुळली, घराणें व शिक्षण पसंत पडलें, म्हणजे घरांतील कोणी तरी वडील माणूस हळूच विचारतें, ‘पण मुलगी रंगानें कशी आहे?’ मग उत्तर देणाराची ‘निमगोरी’, ‘गव्हाळ’, ‘तशी उजळच’ अशी जी शब्दांची कसरत सुरू होते, ती आपणां सर्वांच्या परिचयाची आहे. पलीकडच्या खोलींत ती मुलगी हें ऐकत असते, याचें भान मात्र फारसें कोणास राहत नाहीं.

या सदरांत आपण दर महिन्यास एखाद्या उद्योगाची हकीकत पाहतों. या वेळची हकीकत दूरच्या शिकागो शहरांतील आहे. परंतु तिचा विषय आपल्या माजघरांतला आहे. चेहरा बदलून पावडरीच्या डबीजोगा करण्याऐवजीं पावडरच चेहऱ्याजोगी कां करूं नये, असा साधा प्रश्न एका बाईंनीं विचारला आणि त्यांतून एक मोठा धंदा उभा राहिला. त्या बाईंचें नांव युनिस जॉन्सन.

जॉन्सनबाईंचा जन्म १९१६ सालीं अमेरिकेच्या दक्षिण भागांतील अलाबामा संस्थानांत, सेल्मा या गांवीं झाला. घराणें कृष्णवर्णीय, पण सुशिक्षित व प्रतिष्ठित. वडील डॉक्टर होते आणि आजोबांनीं गांवांतील विद्यापीठाच्या स्थापनेंत पुढाकार घेतला होता. त्या काळीं दक्षिणेंत काळ्यांची शाळा वेगळी, आगगाडींतील डबा वेगळा, पिण्याच्या पाण्याचा नळहि वेगळा. पाणवठे वेगळे ठेवणें म्हणजे काय, हें आपल्या समाजास निराळें समजावून सांगण्याची गरज नाहीं. अशा परिस्थितींत युनिसबाई १९३८ सालीं पदवीधर झाल्या, पुढें शिकागोस जाऊन त्यांनीं समाजसेवा या विषयाची उच्च पदवी घेतली आणि १९४१ सालीं जॉन जॉन्सन या होतकरू तरुणाशीं त्यांचा विवाह झाला.

जॉन जॉन्सन यांच्यापाशीं भांडवल असें नव्हतें. १९४२ सालीं त्यांच्या आईनें घरांतील लांकडी सामान गहाण टाकून पांचशें डॉलरांचें कर्ज काढून दिलें, आणि त्यावर त्यांनीं आपलें पहिलें मासिक काढलें. १९४५ सालच्या नोव्हेंबरांत दुसरें, अधिक सचित्र मासिक निघालें. त्याला नांव सुचविलें युनिसबाईंनीं : ‘एबनी’, म्हणजे आबनूस, काळें, कठीण, वजनदार, पॉलिश केल्यावर आरशासारखें चमकणारें मोलाचें लांकूड. ज्या रंगाबद्दल आजवर नुसती हेटाळणीच ऐकली, त्याच रंगाचें एक नांव अभिमानानें मुखपृष्ठावर छापावयाचें, ही कल्पना त्या काळीं सामान्य नव्हती. पहिल्या अंकाच्या पंचवीस हजार प्रती हां हां म्हणतां संपल्या.

पावडरीच्या धंद्याचें मूळ मात्र निराळ्याच ठिकाणीं आहे. न्यू ऑर्लिन्स येथील एका रुग्णालयाच्या साहाय्यार्थ पोषाखांचें प्रदर्शन भरवावें, अशी विनंति जॉन्सन मंडळींकडे आली. त्यांतून १९५८ पासून ‘एबनी फॅशन फेअर’ नांवाचें फिरतें प्रदर्शन सुरू झालें. युनिसबाई स्वतः युरोपांत जाऊन नामांकित शिंप्यांकडून उंची पोषाख विकत आणीत. काळ्या बाईला आपले कपडे विकावे कीं नाहींत अशी शंका प्रारंभीं कांहींना येई. परंतु रोख पैशापुढें ती फार वेळ टिकत नसे. तेच पोषाख अंगावर घालून कृष्णवर्णीय तरुणी गांवोगांवच्या रंगमंचावर येत. तिकिटाच्या किंमतींतच मासिकाची वर्गणी धरलेली असे, म्हणून एका तिकिटांत प्रेक्षकहि मिळे व वर्गणीदारहि; उरलेली रक्कम त्या त्या गांवच्या शिष्यवृत्त्यांस व संस्थांस जाई. २००९ सालपर्यंत चाललेल्या या प्रदर्शनानें धर्मादायासाठीं पांच कोटि डॉलरांहून अधिक रक्कम उभी केली.

याच प्रदर्शनाच्या पडद्यामागें युनिसबाईंच्या ध्यानांत एक गोष्ट आली. रंगमंचावर जाण्यापूर्वीं तोंडाला लावण्याजोगा रंग या तरुणींस बाजारांत मिळतच नसे. दोन-तीन बाटल्यांतील द्रव्यें तळहातावर एकत्र कालवून त्या आपला रंग आपणच तयार करीत.

असें कां होत असे, याचें कारण थोडें रसायनशास्त्राचें आहे. तोंडाला लावण्याच्या रंगांत बहुधा टिटॅनियम किंवा जस्त यांची पांढरी भस्में असतात आणि त्यांत लोहाचीं पिवळीं, तांबडीं व काळीं भस्में मिसळून छटा आणतात. गोऱ्या कातडीसाठीं पांढऱ्या द्रव्यावर रंगाचा किंचित् हात फिरविला कीं काम होतें. त्याच मिश्रणांत थोडें काळें घालून तें सांवळ्या चेहऱ्यावर लावलें, तर पांढरें द्रव्य वर उठून दिसतें आणि चेहरा राख फांसल्यासारखा होतो. सांवळ्या कातडीसाठीं पांढरें कमी करून तांबड्या-पिवळ्याचें प्रमाण नव्यानें बसवावें लागतें. आणि सांवळा रंग हा कांहीं एक रंग नव्हे, त्यांत तांबूस, सोनेरी, निळसर अशा अनेक झांका आहेत. कातडीला रंग देणाऱ्या पेशींची संख्या गोऱ्या व काळ्या माणसांत साधारण सारखीच असते. भेद असतो तो त्या पेशी किती रंगद्रव्य तयार करतात याचा. निसर्गानें एकाच सामानांतून सर्वांस घडविलें आहे; कारखानदारांनीं मात्र एकाच गिऱ्हाइकासाठीं माल काढला होता.

जॉन्सन मंडळींनीं प्रथम मोठ्या सौंदर्यप्रसाधन कंपन्यांकडे जाऊन आमच्या स्त्रियांसाठीं माल काढा असें सुचविलें. कंपन्यांनीं नकार दिला. तेव्हां दुसऱ्यानें करावें म्हणून वाट पाहण्यापेक्षां आपणच करावें, असें त्यांनीं ठरविलें. धंद्याची दृष्टि येथें पाहण्याजोगी आहे. एकदम कारखान्यांत पैसा न घालतां १९६९ सालीं त्यांनीं टपालानें मागविण्याची प्रसाधनांची एक पेटी काढली व आपल्या मासिकाच्या वाचकांकडूनच तिची परीक्षा करून घेतली. पेटीस मागणी चांगली आली. मग १९७३ सालीं ‘फॅशन फेअर’ याच नांवानें प्रसाधनांचा धंदा रीतसर सुरू झाला. हा माल कोपऱ्यावरच्या किरकोळ दुकानांत न ठेवतां मार्शल फील्डसारख्या बड्या पेढ्यांत, गोऱ्या स्त्रियांच्या उंची प्रसाधनांच्या शेजारीं मांडावयाचा, असा त्यांचा आग्रह होता. ज्या दुकानांत काळ्या स्त्रीकडे संशयानें पाहिलें जाई, तेथें तिच्यासाठीं वेगळें फलाट, तिच्या रंगाची डबी आणि तिच्याशीं अदबीनें बोलणारी विक्रेती. गिऱ्हाईक डबीचे पैसे देत होतें खरें. पण घरीं नेत होतें तें डबीपेक्षां मोठें कांहीं तरी होतें.

या हकीकतींत एक बोंच आहे, ती झांकून ठेवूं नये. ‘आबनूस’ असें अभिमानाचें नांव धारण करणाऱ्या त्याच मासिकांत कातडी उजळ करणाऱ्या मलमांच्या जाहिराती अनेक वर्षें छापून येत होत्या. पोट जाहिरातींवर, आणि जाहिराती लोकांच्या न्यूनगंडावर, असा तो व्यवहार होता. याच्याहि आधीं केशप्रसाधनांच्या धंद्यांत अफाट कीर्ति मिळविणाऱ्या मादाम सी. जे. वॉकर यांनीं अशीं मलमें विकण्याचें टाळलें होतें. पण १९१९ सालीं त्या वारल्यावर त्यांच्याच कंपनीनें तसला माल काढला. तेव्हां दोष एका माणसाचा नसतो. ज्या समाजास आपला रंग खटकतो, त्या समाजांत तें मलम कोणी तरी विकणारच.

पुढें मोठ्या कंपन्यांस या गिऱ्हाइकाची किंमत कळली. थोड्याच वर्षांत त्यांनींहि सांवळ्या वर्णासाठीं माल काढला आणि चढाओढ वाढली. युनिसबाई २०१० सालीं निवर्तल्या. जॉन्सन मंडळींच्या कंपनीचें २०१९ सालीं दिवाळें वाजलें. पण पूर्वीं त्याच कंपनींत काम केलेल्या दोघी स्त्रियांनीं प्रसाधनांचा धंदा साडेअठरा लाख डॉलरांस विकत घेऊन २०२१ सालीं पुन्हा उभा केला. दरम्यान २०१७ सालीं बार्बाडोसची गायिका रिहाना हिनें एकदम चाळीस छटा बाजारांत आणल्या, आणि गडद छटांच्या डब्या दुकानांतून पहिल्यांदा संपूं लागल्या, तेव्हां इतर कारखानदारांचे डोळे उघडले. पडद्यामागें तळहातावर रंग कालविणाऱ्या तरुणींना जें साठ वर्षांपूर्वीं ठाऊक होतें, तें बाजारास इतक्या उशिरां कळलें.

आतां आपल्याकडे वळूं. शिकागोंत सांवळ्या वर्णासाठीं प्रसाधनांचा धंदा १९७३ सालीं रीतसर सुरू झाला. आपल्या देशांत ‘फेअर अँड लव्हली’ हें मलम १९७५ सालीं निघालें. दोहोंत दोनच वर्षांचें अंतर, पण दिशा नेमक्या उलट. तेथें अल्पसंख्य असलेल्या लोकांनीं आपल्या रंगाचा माल मागितला. येथें जवळजवळ सारा देश सांवळा असून आपण रंग घालविण्याचा माल मागितला. गोरी झाली म्हणून नोकरी मिळाली, गोरी झाली म्हणून लग्न जमलें, असल्या जाहिराती आपण वर्षानुवर्षें घरांत एकत्र बसून पाहिल्या. २०२० सालीं त्या मलमाचें नांव बदलून ‘ग्लो अँड लव्हली’ झालें. नांव बदललें, घरांतला प्रश्न बदलला कीं नाहीं, तें ज्याचें त्यानें पाहावें.

या हौसेपायीं शरीराची हानि होते ती वेगळीच. रंग उजळविणाऱ्या कित्येक बेनांवी मलमांत पारा असतो. तो कातडीवाटे शरीरांत जाऊन मूत्रपिंडें बिघडवितो. २०१३ सालच्या मिनामाटा करारानें प्रसाधनांतील पाऱ्यावर दहा लाखांत एक भाग अशी मर्यादा घातली होती, ती याच कारणासाठीं. दुसरा प्रकार स्टेरॉइडयुक्त मलमांचा. तीं लावल्यावर चेहरा कांहीं दिवस उजळ दिसतो, मग कातडी पातळ व लाल होते, तोंडावर लव वाढते, आणि मलम बंद केलें कीं दाह उसळतो. २०१८ सालीं आपल्या सरकारनें अशीं मलमें डॉक्टरांच्या चिठ्ठीवांचून विकण्यास बंदी केली. तरी मैत्रिणीनें सांगितलें, शेजारणीला गुण आला, एवढ्यावर तीं घरांत येतात. सांवळ्या कातडीवर मुरुमाचे डाग अधिक दिवस राहतात, वांगहि अधिक उठून दिसतो, हें खरें आहे. त्यावर उपाय उन्हापासून जपणें आणि त्वचारोगांच्या जाणत्या डॉक्टरास दाखविणें हा होय. डाग बरा करणें निराळें आणि मुलीचा जन्मजात रंग हाच डाग समजणें निराळें.

युनिसबाईंपासून धंदेवाइकांनीं घेण्याजोगा धडा उघड आहे : ज्याची गरज कोणी मोजीत नाहीं, तें गिऱ्हाईक शोधा, लहान प्रमाणावर अजमावून पाहा, आणि माल मानानें विका. गृहस्थांनीं घेण्याजोगा धडा त्याहून सोपा असून कठीण आहे. वाचक भगिनींनो आणि बंधूंनो, पुढच्या वेळीं घरांत स्थळाची चर्चा निघेल, तेव्हां मुलीचें शिक्षण, स्वभाव, प्रकृति, तिची स्वतःची इच्छा, सर्व विचारावें. रंगाचा प्रश्न तेवढा विचारूं नये, आणि कोणी विचारलाच तर घरांतील वडील माणसानेंच तो तेथल्या तेथें थांबवावा. आपल्या लेकीसुनांसाठीं हें करावयास भांडवल लागत नाहीं, कीं कारखानाहि काढावा लागत नाहीं.