बंद पाकीट

पोस्टकार्ड वाटेत कोणीही वाचू शकतो. बंद पाकीट मात्र ज्याच्या नावाचे, तोच उघडतो. व्हॉट्सॲपने २०१६ साली सर्व संदेशांना असे पाकीट दिले. संदेश उलगडण्याची किल्ली कंपनीकडेही नसते.

काही जण विचारतात, "चोरी केली नाही, तर लपवता कशाला?" मला हे पटत नाही. अम्मीचा आजार, घरची तंगी हे गुन्हे नाहीत. पण चव्हाट्यावर मांडण्याच्या गोष्टीही नाहीत. आपल्या नाहूरमध्ये रात्री घरोघरी दाराला कडी लागते, म्हणून सारे चोर ठरतात का?

२४ ऑगस्ट २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांनी एकमताने खासगीपणा हा मूलभूत हक्क मानला. तेव्हा आपली कडी जरूर लावा. आणि मित्राचा फोन हाती आला, तर त्याचे पाकीट फोडू नका.